‘आवं’ची माफी

बढतीची यादी कचेरीच्या फळ्यावर लागली तेव्हा मी डबा उघडून बसलो होतो. यादी आली म्हटल्यावर भाकरी तशीच ठेवून उठलो. सहा कनिष्ठ कारकून अव्वल कारकून व्हायचे होते आणि सेवाज्येष्ठतेनं माझा नंबर दुसरा होता. पहिलं नाव बरोबर होतं. दुसऱ्या जागी माझ्यामागून तीन वर्षांनी लागलेल्या माणसाचं नाव. खालपर्यंत वाचलं, परत वरून वाचलं. टाईप करताना ओळ गळली असेल म्हणून बोट लावून वाचलं. माझं नाव कुठंच नव्हतं. मागून माझा जोडीदार म्हणाला, "गड्या, माझं पण न्हाई रं."

त्यावर मी फळ्यासमोर जे बोललो ते इथं लिहिण्यासारखं नाही. तळपायाची आग मस्तकात गेली होती एवढं सांगतो.

खात्याचं नाव मी सांगणार नाही आणि तालुक्याचंही नाही. त्यातली बरीच माणसं आता नाहीत, त्यांची मुलंबाळं आहेत. सांगली जिल्ह्याच्या पूर्वेकडं, जतच्या बाजूला, जिथं ज्वारी आभाळाकडं बघून पेरतात, तिथली कचेरी एवढं पुरे. सत्तरीचं दशक होतं, मोठा दुष्काळ नुकताच सरला होता. मी मूळचा साताऱ्याकडचा, कोरेगाव तालुक्यातला. आमच्याकडं पाटाचं पाणी, ऊस, आणि दर दोन घरांमागं एक माणूस पलटणीत. माझे वडील, ज्यांना आम्ही आबा म्हणायचो, हवालदार होऊन परत आलेले. जोडीदार मात्र त्याच कोरड्या भागातला. त्याचे आजोबा जन्मभर मेंढरांमागं हिंडले. घरात कानडी, बाजारात मराठी, आणि कचेरीत दोन्हीची मिसळ. आम्ही दोघं एकाच दिवशी नोकरीला लागलो, शेजारच्या टेबलांवर बसलो, आणि दुष्काळात टँकरच्या फेऱ्या लावता लावता आमची पायतानं एकाच महिन्यात झिजली. दोन वर्षांत रजेचा एक अर्ज नाही. त्याचं हे बक्षीस.

आमच्या कचेरीतले हेडक्लार्क निवृत्तीला टेकले होते. त्यांनी आम्हाला बाजूला घेऊन सांगितलं, "गोपनीय अहवालात काहीतरी वाईट शेरा असणार. त्याशिवाय दोघांना वगळणार नाहीत. आता गप्प बसा, पुढच्या वर्षी होईल."

हा गोपनीय अहवाल म्हणजे काय ते सांगायला पाहिजे. दरसाल मार्च संपता संपता साहेब आपल्या हाताखालच्या प्रत्येकाबद्दल दोन ओळी लिहायचे. कामाला कसा, वागायला कसा, बढतीला लायक की नाही. तो कागद कुलपात जायचा. चांगलं लिहिलं असेल तर माणसाला कळायचंच नाही. वाईट लिहिलं असेल तर मात्र ते त्याला लेखी कळवायचं, म्हणजे त्याला आपली बाजू मांडता येईल, असा नियम होता. आम्हाला कुणी काही कळवलं नव्हतं. आमच्या पाठीमागं आमच्याबद्दल काहीतरी लिहिलं गेलं, आणि त्यावर आमच्या तोंडाला पानं पुसली गेली.

"पुढच्या वर्षी कशाला?" मी म्हणालो. "बढती काय साहेबांच्या घरचा प्रसाद हाय व्हय, मिळंल तवा घ्यायला?"

"अरे, शेऱ्याशी भांडून कोण मोठा झालाय?"

"मोठा न्हाई व्हायचं. अव्वल कारकून व्हायचंय."

दुसऱ्या दिवशी अर्ज दिला. आमच्याबद्दल काय लिहिलंय ते कळवा, एवढीच मागणी. जोडीदार घाबरत होता, पण माझ्या खाली त्यानं सही केली. अर्ज आवक कारकुनाच्या टेबलावर ठेवला आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का मारून घेतल्याशिवाय मी तिथून हललो नाही. महिना गेला, उत्तर नाही. दुसरा अर्ज. पुन्हा शिक्का. तिसरा अर्ज. आवक कारकून म्हणायचा, "बाबा, तुझ्यासाठी शाई वेगळी ठेवावी लागंल." चौथ्या अर्जात मी नियमाचा आकडा घातला आणि प्रत सांगलीला मोठ्या साहेबांकडं पाठवली. मग पंधरा दिवसांत लाखेनं बंद केलेली दोन पाकिटं आली.

आम्ही ती कचेरीच्या मागं बाभळीखाली उघडली. दोन्हीत शब्दाशब्दानं एकच मजकूर होता. आजही मला तो पाठ आहे. ‘काम समाधानकारक. तथापि वरिष्ठांस स्त्रियांना उद्देशून वापरावयाच्या शब्दाने संबोधून इतर कर्मचाऱ्यांदेखत त्यांचा उपहास करतात. वर्तणूक उद्धट. पदोन्नतीस तूर्त अपात्र.’

जोडीदारानं कागद उलटा करून मागं काही आहे का ते बघितलं. "आयला! आपुन साहेबास्नी बाई म्हणलो? कवा?"

"मला काय विचारतोस?"

"मी तर त्यांच्या म्होरं मान पण वर करत न्हाई री."

आमचे साहेब वऱ्हाडातले. दोन वर्षांपूर्वी बदली होऊन आलेले. एक सांगतो, माणूस हाताचा स्वच्छ आणि कामाला चोख. दुष्काळात स्वतः टँकरबरोबर हिंडलेला. त्यांच्याबद्दल आम्हाला काडीचा राग नव्हता. म्हणून तर हे कोडं उलगडेना. आम्ही दोन वर्षांत त्यांच्याशी काय काय बोललो ते आठवून आठवून दमलो. बाई नाही, ताई नाही, काही नाही. घरी बायकोला कागद वाचून दाखवला तर ती तोंडाला पदर लावून हसत सुटली. "आवं, तुमी? साहेबास्नी? आवं, कुणीतरी चाडी केली आसंल." तीन वाक्यांत दोनदा ती तो शब्द बोलली आणि माझ्या कानाला काही कळलं नाही. कळणार कसं? रोज ऐकतो ते कोण ऐकतं!

खरी बोच गावाकडं बसली. सुट्टीला कोरेगावकडं गेलो आणि आबांना सगळं सांगितलं. आबांचं पलटणीतून सुटतानाचं पुस्तक लोखंडी पेटीत, धोतराच्या घडीत असायचं. त्यात वर्तणुकीपुढं साहेबानं एकच इंग्रजी शब्द लिहिला होता. आबांना इंग्रजी येत नव्हतं, पण तो शब्द यायचा. एक्झेम्प्लरी. म्हणजे दुसऱ्यानं कित्ता गिरवावा अशी. सणावाराला पाहुणे जमले की पुस्तक निघायचं आणि तो शब्द वाचून व्हायचा. लहानपणी मला वाटायचं, देवघरातला एखादा देवच आहे तो.

आबांनी माझं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "साहेबाला बाई म्हणालास?"

"आवं आबा, न्हाई म्हणालो! तेच तर सांगतोय!"

"मंग लिवलं कशाला? साहेब काय येडा हाय व्हय?"

"आवं पण..."

"कागदावर आलं न्हवं? मंग काय तरी आसणारच. माझ्या वीस वर्साच्या नोकरीत लाल शाई न्हाई. आन तू..." एवढं बोलून ते उठले. जेवताना माझ्याकडं पाठ करून बसले. मी दुपारच्या एसटीनं परत निघालो. गाडीत बसल्यावर डोळ्यांतून पाणी आलं, ते का लपवू? बढती गेली त्याचा राग होताच. पण सख्ख्या बापानं माझ्यापेक्षा त्या कागदावर विश्वास ठेवला, त्याचा राग त्याहून मोठा होता. ते पाणी रागाचं होतं. त्या गाडीत मी ठरवलं की आता काही झालं तरी हा शेरा पुसायचा. बढती मिळो न मिळो.

कोडं उलगडलं ते एका फायलीमुळं. साहेबांना ताप आला होता आणि तातडीच्या सह्या होत्या, म्हणून हेडक्लार्कनी मला त्यांच्या बंगल्यावर पाठवलं. साहेब पडवीत खाटेवर पांघरूण घेऊन बसले होते. गावाकडून त्यांची म्हातारी आई आलेली, आत काहीतरी निवडत होती. फाईल घेता घेता साहेबांनी आत हाक मारली, "अवं माय, पानी आन वं!"

आतून म्हातारी त्यांच्याकडच्या बायकांच्या रीतीनं म्हणाली, "आणतो रे बापू."

मी फाईल हातात धरून तसाच उभा राहिलो. अवं माय. पानी आन वं. कचेरीत साहेब छापील मराठी बोलायचे, घरात आईशी बोलताना तोंडातून वऱ्हाड निघालं. आणि त्यांच्या वऱ्हाडात ‘अवं’ म्हणजे आपलं ‘अगं’! बाईमाणसाला मारायची हाक. आणि मी त्या माणसाला दोन वर्षं, दिवसातून दहा वेळा, भर कचेरीत काय म्हणत होतो? आवं साहेब, सही राहिली. आवं साहेब, टँकर आला. आवं साहेब, जेवून घ्या की. आमच्याकडं बापाला आवं, सासऱ्याला आवं, नवऱ्याला आवं, पाहुण्याला आवं. ज्याला मान द्यायचा त्याला आवं. आणि जोडीदाराचं तर त्याहून वाईट. कानडीत मानानं बोलताना शब्दामागं ‘री’ लावतात. तो बिचारा मान खाली घालून म्हणायचा, "व्हय री साहेब, केलं री साहेब." साहेब हिंदी मुलखाला लागून वाढलेले, तिथं ‘सुन री’ बाईलाच म्हणतात. त्यांच्या कानाला तेही बाईलाच हाक मारल्यासारखं.

पहिल्यांदा मला हसूच फुटणार होतं. फाईल तोंडासमोर धरली. पण बंगल्याच्या फाटकापर्यंत येईस्तोवर हसू विरलं, कारण मला आणखी एक गोष्ट आठवली. ती सांगितल्याशिवाय हे लिहिण्यात अर्थ नाही.

आम्ही साहेबांना हसत होतो. छापील बोलता बोलता त्यांच्या तोंडून मधूनच ‘का’च्या जागी ‘काहून’ निघायचं, ‘तुम्ही काय करून राहिले’ निघायचं. साहेब आत गेले की कचेरीत त्याची नक्कल व्हायची. आणि नक्कल करण्यात पहिला नंबर माझा. इथं काही मी दुसऱ्या जागी नव्हतो. मार्च महिन्यात एकदा मी टेबलावर पाय सोडून बसून ‘काहून, काहून’ करत होतो आणि सगळे पोट धरून हसत होते, तेवढ्यात साहेब दारात. मी टुणकन उडी मारून उभा राहिलो आणि अदबीनं म्हणालो, "आवं साहेब, कवा आला?" त्यावर मागची मंडळी आणखीच फसकन हसली. साहेब तसेच आत गेले. मार्च महिना, अहवाल लिहायचा महिना. आता सांगा, त्यांच्या जागी तुम्ही असता तर काय लिहिलं असतं?

जोडीदाराला सांगितलं तर तो कपाळाला हात लावून मटकन खाली बसला. "आता वं?" त्यानं विचारलं, आणि आपल्याच ‘वं’ला दचकला.

साहेब बरे होऊन आले त्या दिवशी मी त्यांच्या टेबलासमोर जाऊन उभा राहिलो. म्हणालो, "साहेब, आमच्याकडं बापाला आवं म्हणत्यात. बाईला अगं म्हणत्यात. तुमच्याकडं उलटं हाय ते मला परवा तुमच्या पडवीत कळलं. माझ्या जोडीदाराची ‘री’ पण मानाचीच हाय."

साहेबांनी हातातला कागद खाली ठेवला. मग म्हणाले, "मग त्या दिवशी सगळे हसले काहून?"

खोटं बोलता आलं असतं. मी म्हणालो, "त्या ‘काहून’ला हसले, साहेब. नक्कल मीच करत होतो."

त्यांचा चेहरा पडला. असा पडला की मला माझीच लाज वाटली. पेनाचं टोपण लावत ते म्हणाले, "लिहिलेलं पुढं गेलं आहे. आता माझ्या हातात नाही. जे सांगायचं ते सांगलीला मोठ्या साहेबांसमोर सांगा."

मग सांगलीला अपील केलं. दोन मुद्दे लिहिले. शेरा वेळेत कळवला नाही हा पहिला, आणि शेरा ज्या शब्दावर उभा आहे तो शब्द मानाचा आहे हा दुसरा. तारीख लागली. मी आबांना नुसतं कार्ड टाकलं होतं, अमुक दिवशी सांगलीत सुनावणी आहे म्हणून. उत्तर आलं नव्हतं.

सुनावणीच्या दिवशी आम्ही दोघं वऱ्हांड्यातल्या बाकावर बसलो. आमचे साहेब आत मोठ्या साहेबांसमोर. थोड्या वेळानं मोठ्या साहेबांचा लघुलेखक दोन टाईप केलेले कागद घेऊन बाहेर आला. मोठ्या आपुलकीनं म्हणाला, "बघा, साहेब चांगल्या मूडमध्ये आहेत. यावर सही करा, शेरा जाईल, आठवड्यात ऑर्डर निघेल. वाद कशाला?" कागदावर होतं, ‘वरिष्ठांस वापरलेल्या संबोधनाबद्दल मी बिनशर्त दिलगिरी व्यक्त करतो. यापुढे असे संबोधन वापरणार नाही.’

पहिलं बोलावणं जोडीदाराला आलं. पाच मिनिटांत तो बाहेर आला. डोळे लाल. "केली सई," म्हणाला.

"अरं, कशाला केलीस? आपलं चुकलंय का काही? लाज न्हाई वाटली?"

"वाटली. लय वाटली." तो माझ्याकडं न बघता म्हणाला. "तुझ्या मागं ऊस हाय, बाप हाय. माझ्या मागं मेंढरं हायत, ती पण भावाची. घरात सात माणसं. मला बढती पायजे, गड्या." मी सरकून त्याला बाकावर जागा करून दिली.

तेवढ्यात वऱ्हांड्याच्या टोकाला बुटांचा आवाज झाला. बघतो तर आबा. कोरेगावात पहाटेची रेल्वे धरून आले होते. अंगात पलटणीचा जुना कोट, पितळी बटणं घासलेली, काखेत ते पुस्तक. मी धावलो. "आबा, तुमी कशाला आला?"

"साहेबाच्या पाया पडतो," आबा म्हणाले. "म्हाताऱ्या शिपायाचं ऐकतील. तू गप ऱ्हा."

"आवं, माफी मागायची न्हाई आबा! तुमी आत यायचं न्हाई, सांगून ठेवतो!"

आयुष्यात पहिल्यांदा मी बापावर ओरडलो. शिपायानं माझं नाव पुकारलं. आबांना बाकावर बसवून मी आत गेलो.

मोठ्या साहेबांनी कागद माझ्यापुढं सरकवला. बाजूच्या खुर्चीत आमचे साहेब खाली बघत बसलेले. मी पेन घेतलं नाही.

"साहेब, मी ह्यांची नक्कल केली, ह्यांच्या बोलण्याला हसलो. त्याची माफी मागतो. आत्ता, इथं, पाया पडून मागतो. ती चूक माझी हाय. पण ह्या कागदावर जे लिवलंय त्याची न्हाई मागणार. आवंची माफी मी मागितली, तर घरी जाऊन बापाला काय म्हणून हाक मारू?"

मोठे साहेब चिडले. "हे भाषण पुरे. तो शब्द आदराचाच आहे याला पुरावा काय? तुम्ही म्हणता म्हणून?"

पुराव्याचा मी विचारच केला नव्हता. नियम पाठ केले, तारखा पाठ केल्या, शिक्के जमवले. आणि एका शब्दाचा पुरावा कुठून आणायचा ते मला सुचेना.

दार ढकललं गेलं. शिपाई "अहो बाबा, थांबा" म्हणत मागं, आणि आबा आत. टाचा जुळवून त्यांनी कडक सलाम ठोकला. मग काखेतलं पुस्तक टेबलावर ठेवलं, हात जोडले आणि मोठ्या साहेबांपुढं वाकले.

"आवं साहेब, पोरगं चुकलं आसंल. आवं, त्येला पदरात घ्या."

मोठे साहेब आबांकडं बघतायत, आबा त्यांच्याकडं. आबा घाबरले. उभ्या जन्मात मी त्यांना असं घाबरलेलं बघितलं नव्हतं. ते आमच्या साहेबांकडं वळले. "आवं, माझं काय चुकलं का? आवं साहेब, तुमी तरी सांगा की."

आमचे साहेब उठून उभे राहिले. आपली खुर्ची ओढून त्यांनी आबांच्या मागं ठेवली. "बसा बाबा. तुमचं काही चुकलं नाही." आणि मोठ्या साहेबांना म्हणाले, "साहेब, शेरा मी मागे घेतो. दोघांचाही. आत्ताच लिहून देतो." तिथंच उभ्यानं, टेबलावर वाकून त्यांनी चार ओळी लिहिल्या आणि खाली सही केली. त्यांच्या जागी दुसरा कुणी असता तर लिहिलेलं गिळायला तयार झाला नसता. बाहेर पडताना मी त्यांच्यापुढं वाकलो, नकलेबद्दल माफ करा म्हणालो. ते म्हणाले, "केलं माफ. पण ‘काहून’ मी सोडणार नाही, सांगून ठेवतो."

वऱ्हांड्यात आल्यावर आबांना सगळा उलगडा करून सांगितला. त्यांना दोनदा सांगावं लागलं. कळल्यावर त्यांचा चेहरा लाल होत गेला.

"एवढ्यावरनं? आवं म्हणाला म्हणून?"

"व्हय."

"म्हंजे तू काय केलंच न्हवतंस?"

"तेच तर तवापासनं सांगतोय आबा!"

"आन मी माफी मागून बसलो!" आबा गर्रकन वळून परत आत निघाले. "मला माघारी घेऊ दे. माझी माफी माघारी द्या म्हणावं त्यास्नी! केलं न्हाई तर मागायची कशाला?" मी आणि जोडीदारानं दोन्हीकडून त्यांना धरलं तेव्हा कुठं थांबले. बाकावर बसून त्यांनी माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "मी तुझं खरं धरलं न्हाई रं," म्हणाले. ते ऐकायला मी सहा महिने थांबलो होतो.

ऑर्डर निघाली. शेरा रद्द, आणि आमच्यामागच्या माणसांना ज्या तारखेला बढती मिळाली त्याच तारखेपासून आम्हालाही. दोघंही अव्वल कारकून झालो. जोडीदारानं कचेरीत पेढे वाटले. पण पेढे वाटताना तो हसत नव्हता, हे माझ्या लक्षात आलं होतं.

तीन महिन्यांनी तो माझ्या टेबलाशी येऊन उभा राहिला. "अर्ज लिवायचाय. तुझं अक्षर चांगलं हाय."

"कसला?"

"माझी माफी माघारी पायजे. सांगलीच्या फायलीला लागलीया ती. काढून माझ्या हातात द्या म्हणावं."

हेडक्लार्क शेजारीच होते. ते चष्मा वर करून म्हणाले, "अरे, बढती मिळाली, तारीख मिळाली. शेरा गेला. आता काय मिळायचं राहिलंय?"

"बढतीचं न्हाई हे," जोडीदार म्हणाला. "ह्याचा बाप एवढा म्हातारा, तरी माफी माघारी घ्यायला उठला. मी तर बाकावर नुसता बसून होतो. केलं न्हाई त्याच्यावर माझी सई हाय री. ती मेल्यावर पण फायलीत ऱ्हाणार."

मी कोरा कागद ओढला. उजव्या कोपऱ्यात तारीख घातली. ‘प्रति’ लिहिलं, खाली मोठ्या साहेबांचा हुद्दा लिहिला. मग सवयीनं ‘महोदय’ लिहायला पेन टेकवलं, तेवढ्यात जोडीदारानं माझा हात धरला. मी त्याच्याकडं बघितलं आणि मला कळलं.

‘आवं साहेब,’ मी लिहिलं.

मजकूर चार ओळींचा झाला. त्यानं तो दोनदा वाचला, खाली सही केली, आणि आम्ही दोघं आवक कारकुनाच्या टेबलाशी जाऊन उभे राहिलो. त्यानं पहिली ओळ वाचली. मान वर करून आम्हा दोघांकडं बघितलं. मग शाईच्या पेटीचं झाकण उघडलं आणि दोन्ही प्रतींवर शिक्का मारला.